एकतीस काठ्या

ती घटना आजही आठवते, असं निवृत्त पोलिसाने लिहिलं की वाचणाऱ्याला वाटतं, आता पिस्तूल निघणार. या घटनेत पिस्तूल नाही, सुरा नाही, दरोडाही नाही. एक काठी आहे. नोकरीत मी खून तपासले, वाटमाऱ्या तपासल्या, त्यातल्या बऱ्याच आता एकमेकींत मिसळून गेल्या. ही काठी मात्र मिसळत नाही. तिला विसरायचा मी प्रामाणिक प्रयत्न केला, तो जमला नाही, म्हणून आता लिहून टाकतो.

सत्तरचं दशक नुकतंच सुरू झालं होतं. जिल्ह्याचं नाव तेव्हा कुलाबा. कर्जत-खालापूर पट्ट्यातल्या एका ठाण्यात मी फौजदार होतो. मूळचा सोलापूरकडचा, त्यामुळे डोंगर, झाडी, पाखरं यातलं मला ओ की ठो कळत नव्हतं. ही गोष्ट पुढे महत्त्वाची आहे. ठाणं कोणतं आणि लेणी कोणती ते सांगत नाही. ज्यांना ओळखायचं ते ओळखतील, त्यांनीही गप्प राहावं.

हिवाळ्यात मुंबई बंदराला परदेशी प्रवाशांची मोठी जहाजं लागत. दोन दिवस मुक्काम असे. उतारू बहुतेक वयस्कर, पोरंबाळं मार्गी लावून जग बघायला निघालेले. एक सहल कंपनी त्यातल्या हौशी मंडळींना एका दिवसासाठी आमच्या डोंगरातली जुनी बौद्ध लेणी दाखवायला आणी. सकाळी दोन लहान बसगाड्या पायथ्याच्या गावात येत. तिथून तासभराची जंगलवाट, दोन ओढे ओलांडून चढण, वर लेणी बघायची, तिथंच जेवायचं, चारच्या सुमारास उतरायला लागायचं आणि पाचला गाड्या सुटायच्या. ठाण्याला याची आगाऊ चिठ्ठी येई. आम्ही एक शिपाई गावात बसवत असू. तो तिथं चहा पिण्यापलीकडे काही करत नसे, कारण करण्यासारखं काही घडतच नसे.

गावात एक म्हातारा होता. धर्मांतरानंतर त्याच्या वस्तीची लोकं दर पौर्णिमेला लेण्यात जाऊन बसत, आणि लेण्यातली झाडलोट, दिवाबत्ती हा म्हातारा बघे. त्याला कुणी नेमलं नव्हतं. सहलीचं निमित्त होऊन त्याने एक काम अंगावर घेतलं होतं. चिवा म्हणून आपल्याकडे बारीक, भरीव बांबू होतो. त्याच्या काठ्या तोडून, सोलून, चुलीवर धुरावून त्याने तांबूस, गुळगुळीत केल्या होत्या. चढण सुरू होते तिथं तो प्रत्येक पाहुण्याच्या हातात एक काठी देई आणि उतरल्यावर परत घेई. वर लेण्याच्या तोंडाशी तो सगळ्यांना खुणेने बूट काढायला सांगे. बहुतेक पाहुणे हसून पुढे जात. काही थोडे काढत.

या काठ्यांचा एक दुसराच उपयोग होऊन बसला होता. मुंबईहून येणारा गाइड माणसं मोजत नसे. परदेशी म्हातारी माणसं, एक फोटो काढतोय, एक झाडामागे गेलाय, मोजदाद कधी जुळायचीच नाही. तो उतरल्यावर म्हाताऱ्याला विचारी, "बाबा, काठ्या पुऱ्या?" म्हातारा म्हणे, "पुऱ्या, सायेब." की गाड्या सुटल्या. काठी आली म्हणजे माणूस आलं. हिशोब सरळ होता, आणि दोन-तीन हिवाळ्यांत कुणी मागे राहिलं नव्हतं.

त्या दिवशी एकतीस पाहुणे होते. काठ्या एकतीस. गाइडने विचारलं, म्हातारा "पुऱ्या" म्हणाला, गाड्या गेल्या. जहाजावर चढताना पास परत घेतात, तिथं एक पास कमी भरला. एकटी प्रवास करणारी एक विधवा बाई, वय सत्तरीचं. पहिल्या गाडीतल्यांना वाटलं ती दुसऱ्या गाडीत आहे, दुसरीतल्यांना वाटलं पहिलीत. गाइड छातीठोक सांगत होता, की डोंगरावर कुणी राहणं शक्यच नाही, काठ्या पूर्ण आल्यात. म्हणून आधी बंदराजवळची हॉटेलं, दुकानं, दवाखाने धुंडाळले गेले. काखेत कळसा आणि गावाला वळसा. आमच्या ठाण्याला फोन आला तो दुसऱ्या दिवशी सकाळी आठ वाजता.

मी चार माणसं घेऊन जीपने गाव गाठलं. गावकरी आधीच रानात पसरले होते, वाटेचा जाणता म्हणून म्हातारा सगळ्यांच्या पुढे. आम्ही धापा टाकत वर पोचेपर्यंत तो लेण्याच्या पायऱ्यांवर डोकं धरून बसला होता. मला बघून त्याने नुसता हात केला.

मोठ्या दालनाच्या कडेला भिक्खूंच्या राहण्याच्या खोल्या आहेत, प्रत्येकीत दगडी ओटा. सगळ्यात आतल्या खोलीत, ओट्यावर भिंतीला टेकून बाई बसलेली होती. गेलेली होती. चष्मा मिटून डबीत ठेवलेला, पर्स मांडीवर, रुमाल पायाच्या घोट्याला घट्ट बांधलेला आणि घोटा सुजलेला. मनगटावरचं घड्याळ चालू होतं. खोलीच्या उंबऱ्याबाहेर तिचे बूट शेजारी शेजारी नीट ठेवलेले होते. एकतिसांतल्या ज्या दोघा-चौघांनी म्हाताऱ्याचं ऐकलं, त्यातली ती एक.

काठी मात्र तिथं नव्हती.

अपमृत्यूची नोंद झाली, इन्क्वेस्ट पंचनामा झाला, प्रेत तालुक्याच्या दवाखान्यात गेलं. संध्याकाळी गाइडने माझ्यासमोर म्हाताऱ्याच्या पडवीतली काठ्यांची मोळी मोजली. एकतीस. मग तो जे बोलला ते बिनतोड होतं. "साहेब, काठी खाली आहे म्हणजे बाई खाली आली होती. तिने काठी परत दिली. त्यानंतर तिला कुणीतरी पुन्हा वर नेलं." मी त्यावर रात्रभर... खरं सांगायचं तर रात्रभर वगैरे नाही, मला ते लगेच पटलं. वरून फोन सुरू झाले होते. परदेशी बाई, वकिलातीची चौकशी, साहेब दर दोन तासांनी विचारत होते की प्रगती काय. अशा वेळी जो तर्क हातात सापडतो तो आपलाच वाटू लागतो. मी मोळी जप्त केली आणि मुद्देमालाच्या खोलीत टाकली.

दुसऱ्या दिवशी सकाळी खबर आली. पायथ्याचा चहावाला स्वतः ठाण्यात आला. खबरी दोन तऱ्हेचे असतात, एक पोटासाठी सांगतो आणि दुसरा पोटात राहत नाही म्हणून. हा दुसऱ्या तऱ्हेचा होता.

"सायेब, मी काय कुनाचं वाईट बोलत नाय. पन गाड्या गेल्यावर म्हाताऱ्याचा जावई परत वर गेलता. कोयता व्हता हातात. दिवस बुडल्यावर धावत आला खाली. मी हाक मारली तर बोल्ला पन नाय."

जावई तिशीचा, अंगाने काटक, मितभाषी. सहलीत तो सामान वाही, आणि एरवी रांगेत शेवटचा चालून मागे राहिलेल्यांना पुढे आणी. त्या दिवशी एका आजारी पाहुण्याला खुर्चीत बसवून खाली न्यायला त्याला पुढे लावलं होतं, म्हणून शेपटाला कुणीच नव्हतं. हे मला तेव्हाच खटकायला हवं होतं. मी त्याला उचलला.

"गाड्या गेल्यावर वर गेला होतास?"

"नाय, सायेब."

"चहावाल्याने पाहिलंय तुला."

तो खाली बघत राहिला. मग म्हणाला, "लाकडं तोडाया गेलतो."

"मग आधी नाही का म्हणालास?"

"राखीव रान हाय. तोडाया बंदी हाय."

"लाकडं कुठायत?"

यावर तो गप्प झाला. चौकशीत माणूस खोटं बोलला तर आम्हाला बरं वाटतं, खोट्याला धरून पुढे जाता येतं. गप्प बसला की डोकं फिरतं. माझ्या हवालदाराचं फिरलं. त्याने दोन ठेवून दिल्या. मी खोलीतच होतो. मी थांबवलं नाही. हे मी कुठल्याही कागदावर लिहिलेलं नाही, म्हणून इथं लिहितो. जावयाच्या ओठातून रक्त आलं, ते त्याने खांद्याला पुसलं आणि पुन्हा खाली बघायला लागला.

त्याची बायको, म्हणजे म्हाताऱ्याची मुलगी, दोन्ही वेळा भाकरी घेऊन येई. तिला दिवस गेले होते. भाकरीचं फडकं ठाणे अंमलदारापुढे ठेवून ती पायरीवर बसे, आणि थोड्या अंतरावर, वडाच्या पारावर, तिचा बाप. तो आत कधीच आला नाही. मला वाटे, गरीब आहे, बिचकतोय.

"सायेब," एकदा ती मला म्हणाली, "मुंगी चिरडंल म्हनून पाय उचलनारा मानूस हाय तो. मला काय सांगत नाय. बाबाला इचारलं, तर बाबा पन बोलत नाय. तुमी तरी सांगा, काय झालंय."

मी तिला सांगितलं, "तपास चालू आहे." हे वाक्य आम्हाला पहिल्या दिवशी शिकवतात.

मॅजिस्ट्रेटसमोर उभं करून मी त्याची कोठडी घेतली. परत आल्यावर हवालदाराला म्हटलं, मुद्देमालाचं रजिस्टर पुरं करा. नियम असा, की प्रत्येक वस्तूला लेबल. एकतीस काठ्या म्हणजे एकतीस लेबलं. हवालदार खळीची वाटी घेऊन बसला आणि कुरकुरायला लागला, की याच्यापेक्षा चोर पकडणं सोपं. पंधरा-वीस झाली असतील. एकाएकी तो म्हणाला, "च्यायला, ही बघा."

एका काठीला लेबल चिकटत नव्हतं. ओल्या हाताने त्याने ती पुसली, तर तळवा काळा झाला आणि काजळीखालून काठी हिरवी निघाली.

ती मी हातात घेतली. बाकीच्या तीस हलक्या, धरायच्या जागी घासून चकचकीत. ही जड होती, पेरं नीट तासलेली नव्हती, वरून काजळी चोपडलेली. तोडून चार दिवसही झाले नव्हते. जावई कोयता घेऊन वर का गेला, ते मला कळलं. त्याची लाकडं माझ्याच खोलीत पडली होती.

त्याच वेळी दवाखान्यातून शिपाई अहवाल घेऊन आला. घोटा मुरगळलेला, मारहाणीची खूण नाही, हृदय बंद पडलं. मृत्यूची वेळ, पहाटेच्या सुमाराची. मी ती ओळ पुन्हा वाचली. गाड्या आदल्या संध्याकाळी पाचला सुटल्या होत्या.

मी आणि हवालदार गावात गेलो. म्हातारा पारावरून नुकताच परतला होता. पडवीत बुद्धाची तसबीर, तिच्यासमोर त्याने वंदनेला बसायची तयारी चालवली होती. मी हिरवी काठी त्याच्यासमोर ठेवली. त्याने माझ्याकडे पाहिलंही नाही. उठला, छपराच्या वाशांमागे हात घातला आणि एक काठी काढून हिरवीच्या शेजारी ठेवली. तांबूस, गुळगुळीत, एकतिसावी.

"चुलीत घालाया गेलतो दोनदा," तो म्हणाला. "हात उठला नाय, सायेब."

मग तो सगळं बोलला. मागल्या हिवाळ्यात एक पाहुणा काठी आठवण म्हणून घेऊन गेला होता. मोजणी चुकली, गाड्या तासभर खोळंबल्या, माणसं रानात पाठवली, आणि शेवटी काठी गाडीतच पाहुण्याच्या पायाशी सापडली. गाइडने अख्ख्या गावासमोर म्हाताऱ्याला फैलावर घेतलं. एवढं मोजता येत नाही, उद्यापासून दुसरा ठेवतो. दुधाने तोंड पोळलेला माणूस ताकही फुंकून पितो. त्यानंतर एखादी काठी कमी पडली, तरी म्हातारा "पुऱ्या" म्हणे आणि मागाहून नवी तोडून भरती करी. दोनदा असं झालं होतं. दोन्ही वेळा काठी खरंच कुणीतरी आठवण म्हणून नेली होती.

"मला वाटलं, नेली आसंल कुनी," तो म्हणाला. "दोन दिसांनी दुसरी बोट येनार व्हती. जावयाला बोल्लो, जा रं, एक चिवा तोडून आन. त्यो गेला. दुसऱ्या दिशी वर गेलो, तर बाई बसलेली, आन काठी तिच्या मांडीवर. सायेब, मी काठी उचलली. आधी काठी उचलली, मंग हाक मारली लोकांना."

एवढं बोलून तो रडायला लागला. रडताना त्याचा आवाज येत नव्हता.

ती तांबूस काठी मी उचलली, तेव्हा तिचं खालचं टोक दिसलं. ते फुटून त्याच्या चिंध्या झाल्या होत्या, आणि चिंध्यांत दगडाची भुकटी भरली होती. मी हवालदाराला खाली ठेवलं आणि एकटा वर गेलो. आतल्या खोलीच्या ओट्याला, काळ्या दगडावर, पांढऱ्या खुणा होत्या. एकाच जागी, एकावर एक. पहिल्या दिवशी मी त्याच ओट्यासमोर उभा राहून पंचनामा लिहिला होता.

तिला हाक मारून आवाज पोचत नव्हता, म्हणून ती काठी आपटत राहिली. किती वेळ, ते काठी सांगत होती.

जावयाला मी लॉकअपमधून माझ्या खोलीत आणवला. त्याला सांगितलं, की तुझा सासरा सगळं बोललाय. त्याने मोठा श्वास सोडला. सासऱ्याचं नाव आपल्या तोंडून जायला नको, एवढ्यासाठी त्याने मार खाल्ला होता. मी जबाब लिहायला घेतला.

"वरच्या झऱ्यावर चिवा तोडत व्हतो. दिवस बुडाला व्हता. वरून आवाज आला. ठक, ठक. मंग थांबला. मंग परत ठक, ठक. मला वाटलं फारेस्टवाला काठी आपटत येतोय. एक चिवा घेतला आन पळालो." त्याने माझ्याकडे पहिल्यांदा सरळ बघितलं. "सायेब, त्ये कोन व्हतं?"

ती काठी माझ्या टेबलामागे, भिंतीला टेकून उभी होती. त्याला दिसत नव्हती.

उभ्या नोकरीत मला हजारांनी प्रश्न विचारले असतील, साहेबांनी, वकिलांनी, न्यायाधीशांनी. इतका अवघड कुणी विचारला नाही. झऱ्यापासून लेणं अगदी जवळ. शंभर पावलं तो वर चढला असता, तर बाई जगली असती. या माणसाला आणखी चाळीस वर्षं जगायचं होतं, घरी बायको बाळंत व्हायची होती.

"सुतार पक्षी असेल," मी म्हणालो. "बाई त्याच्या आधीच गेली होती. डॉक्टरांनी लिहिलंय तसं."

"आधीच?"

"गाड्या सुटायच्या आधी."

त्याने मान डोलावली. ठक ठक आवाजाची ओळ मी जबाबात घेतली नाही. काठीच्या वर्णनात "खालचे टोक फाटलेले" एवढंच लिहिलं. त्यावर मला कुणी काही विचारलं नाही. अपमृत्यू म्हणून कागद बंद झाले. म्हाताऱ्यावर काही लावावं का, असा प्रश्न वरून आला, तेव्हा मी तसं काही निघत नाही म्हणून कळवलं. गाइडला कंपनीने काढलं, सहली बंद पडल्या. बाईच्या देशातून कुणी आलं नाही. तिला मुंबईतच पुरलं. जावयाला सोडताना मी त्याची माफी मागितली नाही, आमच्या खात्यात तशी रीत नव्हती. म्हातारा त्यानंतर वर्षभर जगला. मुलीला मुलगी झाली, ती त्याने पाहिली.

निवृत्तीनंतर, ऐंशीच्या दशकाच्या अखेरीला, एका लग्नासाठी कर्जतला गेलो होतो. पाय आपोआप त्या गावाकडे वळले. जावई आता पन्नाशीकडे झुकलेला. त्याने मला ओळखलं, पाट टाकला, पाणी दिलं. "लेण्यात यायचं का, सायेब?" म्हणाला. आम्ही हळूहळू चढलो. त्याने मला काठी दिली. स्वतः घेतली नाही.

वर कॉलेजची पोरं-पोरी हिंडत होती. जावयाने त्यांना बूट काढायला लावले, सासरा लावायचा तसेच. ऊन कललं, पोरं उतरायला लागली. हा मात्र उतरेना. एकेका खोलीच्या दारात जाऊन आत वाकून तो हाक मारायला लागला. "कोन हाय का? कोन ऱ्हायलंय का?" हाक मारून गप्प उभा राही, कान देऊन. मग पुढची खोली. शेवटच्या खोलीपाशी तो सगळ्यात जास्त वेळ थांबला.

"अजून करतोस हे?" मी विचारलं.

"रोज." तो पायरीवर माझ्या शेजारी बसला. म्हणाला, "सायेब, तुमी देशावरचे. तुमाला ठावं नसंल. सुतार दिसाचा ठोकतो. दिवस बुडाला की त्यो ढोलीत जातो. मंग नाय ठोकत."

मी त्याच्याकडे पाहिलं. तो समोर दरीकडे बघत होता.

"मला तवाच ठावं व्हतं," तो म्हणाला. "पन तुमी माज्यासाठी बोल्लात. फौजदार मानूस माज्यासाठी खोटं बोल्ला. म्हनून घेतलं."

या प्रकरणाने मला काय शिकवलं, असं मला व्याख्यानांत विचारतात. मी तिथं सांगतो, की माणसं मोजायची तर माणसंच मोजावीत, आणि लोक ते लिहून घेतात. ते खरंच आहे. पण त्या संध्याकाळी पायरीवर बसून मला जे कळलं ते व्याख्यानात सांगता येत नाही. म्हातारा भीतीपोटी "पुऱ्या" म्हणाला, मी दयेपोटी म्हणालो. दोघांचीही एक काठी कमीच होती, आणि ती भरून काढायचं काम जवळजवळ वीस वर्षं जावई एकटा रोज करत होता.

उजेड कमी झाला. "चला, सायेब," म्हणून त्याने हात दिला. उतरायच्या आधी तो पुन्हा एकदा मागे वळला आणि मोकळ्या दालनात हाक मारली. आम्ही दोघंही उत्तराची वाट बघत उभे राहिलो.